मोठ्याने वाचा

वर्गातला एक मुलगा डिलिव्हरीचं काम करतो. गेल्या रविवारी उशिरा आला आणि दारातूनच म्हणाला, "सॉरी सर, अत्रे चौकातून बसच मिळाली नाय." भुयारी मेट्रो २०२५ साली वरळीपर्यंत आली, तिथल्या स्टेशनाला आचार्य अत्रे चौक हे नाव मिळालं, तेव्हापासून ते त्याच्या तोंडी बसलंय. मी विचारलं, कोण रे हे अत्रे? त्याने डोकं खाजवलं. "जुने नगरसेवक असतील." बाकीचे हसले. मला हसता येईना, कारण उत्तर अगदीच चुकीचं नव्हतं. अत्रे पुण्याच्या नगरपालिकेत निवडून गेले होते, १९५७ला दादरमधून विधानसभेतही. वहीत लिहून ठेवलं: पुढच्या खेपेला अत्रे मास्तर.

*

वर्ग भरतो काळाचौकीला, अभ्युदयनगरातल्या एका मंडळाच्या खोलीत. रविवारी सकाळी दहाला. भिंतीला कॅरमबोर्ड टेकवलेला, माळ्यावर मागच्या गणपतीच्या मखराचे तुकडे, कोपऱ्यात दोन ताशे. फी नाही. वही स्वतःची आणायची, चहाचे पैसे आळीपाळीने. आत्ता सातजण आहेत. एक नर्स, पत्रकार व्हायचंय म्हणणारी कॉलेजातली मुलगी, निवृत्त हवालदार, हा डिलिव्हरीवाला, दोन गृहिणी (त्यातल्या एक ताई लालबागच्या मिरचीगल्लीतून मिरची आणून घरगुती मसाला करून विकतात), आणि सत्तरी ओलांडलेले एक गिरणी कामगार. त्यांना सगळे तात्या म्हणतात, म्हणून मीही.

चाळीस वर्षं पेपरात काढली. बहुतेक सगळी डेस्कवर. माझ्या नावाने फार थोडं छापून आलं. दुसऱ्यांच्या नावाने आलेलं बरंच मी लिहिलेलं आहे. निवृत्त झाल्यावर मंडळाची पोरं म्हणाली, "काका, आमच्या अहवालाचं मराठी तेवढं बघा." तिथून हा वर्ग सुरू झाला. मंडळाच्या अहवालातलं मराठी अजून तसंच आहे.

नियम एकच. लिहिलेलं स्वतः उभं राहून मोठ्याने वाचायचं. खाली काहीही चालू असो.

*

हा नियम माझा नाही. तो आमच्या चाळीच्या कॉमन गॅलरीतून आलाय.

मी आठ-नऊ वर्षांचा असेन. आमच्या मजल्यावर चार खोल्यांत मिळून एक 'मराठा' यायचा, अत्र्यांचं दैनिक. वर्गणी वाटून घेतलेली. पहिल्या पाळीवरून माणसं आली, आंघोळी झाल्या, चहा झाला की एकजण पाट टाकून बसायचा आणि अंक वाचायचा. मोठ्याने. आजूबाजूला बायका तांदूळ निवडत, कोणी विडी ओढत, कोणी नुसताच कठड्याला टेकून. वाचणारा सातवीपर्यंत शिकलेला होता, तेवढंच शिक्षण मजल्यावर पुष्कळ होतं.

माझे वडील गिरणीत त्रासनखात्यात, म्हणजे सूतकताईत होते. आयुष्यभर यंत्रांच्या खडखडाटात उभं राहून त्यांना कमी ऐकू यायला लागलं होतं. साचेवाल्यांचं, म्हणजे मागावरच्या विणकरांचं, तर विचारूच नये. एकमेकांशी ते खाणाखुणांनी आणि ओठ बघून बोलायचे, घरीसुद्धा. अशा माणसांना अग्रलेख ऐकवायचा म्हणजे काय, ते लहानपणी लक्षात आलं नाही. पुढे डेस्कवर बसल्यावर आलं. लांब वाक्य वाचायला घेतलं की अर्ध्यात कोणीतरी "काय? काय म्हनला?" असं करायचं आणि वाचणाऱ्याला पुन्हा सुरुवातीपासून यावं लागायचं. आखूड, ठाशीव वाक्य एका दमात पोचायचं. अत्र्यांचं पोचायचं. पुष्कळदा वाचणारा थांबायच्या आधीच गॅलरी हसायची.

बाकीचे पेपर वाईट होते असं नाही. पण ते डोळ्यांसाठी लिहिलेले होते.

*

अत्रे पेपरवाले झाले ते वयाच्या बेचाळिशीत, हे वर्गाला सांगितलं तर मुलीचा विश्वास बसेना. जन्म १३ ऑगस्ट १८९८चा, सासवडजवळच्या कोडीतचा. 'नवयुग' साप्ताहिक १९४०चं. मधल्या काळात कविता, विडंबनं, नाटकं, सिनेमे सगळं आलं, पण पगार होता मास्तरकीचा. फर्ग्युसनमधून बीए, मग बीटी, पुण्याच्या कॅम्प एज्युकेशन सोसायटीच्या शाळेत वर्षानुवर्षं मुख्याध्यापक. लष्कर भागातल्या त्या शाळेत पुण्यातली नावाजलेली मुलं यायची नाहीत. १९२८ साली लंडन विद्यापीठाचा टीडी, म्हणजे शिक्षकाचा डिप्लोमा घेऊन परत. तोवर 'झेंडूची फुले' येऊन तीन वर्षं झाली होती. कवींची टिंगल करणारा माणूस बोटीने जाऊन मुलांना कसं शिकवावं ते शिकून आला.

आणि मग त्याने जे केलं त्याबद्दल फार कमी बोललं जातं. 'साष्टांग नमस्कार' सगळ्यांना माहीत, 'मोरूची मावशी' माहीत, 'तो मी नव्हेच' माहीत. 'नवयुग वाचनमाला' आता फक्त म्हातारे आठवतात. १९३०च्या दशकातलं क्रमिक पुस्तक. त्याआधीच्या पुस्तकांत मूल हे बोध पाजायचं भांडं होतं. अत्र्यांच्या पुस्तकात मूल बोलायला लागलं. घरातलं बोलायला लागलं, हट्ट करायला लागलं, हिशोब मागायला लागलं. मराठी गद्य कसं असावं हे दोन-तीन पिढ्यांच्या कानांत त्या पुस्तकाने भरलं आणि त्याच पिढ्या मोठ्या होऊन 'मराठा' विकत घ्यायला लागल्या. वाचक आधी शाळेत तयार केला, पेपर मागाहून काढला. इतका लांबचा वितरण विभाग कुठल्याही वृत्तपत्राला लाभलेला नाही.

आचार्य ही पदवी लोकांनी नावाला चिकटवली ती उगाच नाही. अग्रलेखांची चळत रचणाऱ्या माणसाला लोक मास्तरच म्हणत राहिले.

*

'दिनूचे बिल' हा त्याच वाचनमालेतला धडा. वर्गात सहापैकी चौघांना माहीत निघाला (सातवा उशिरा यायचा होता). डिलिव्हरीवाल्यासाठी गोष्ट सांगितली: दिनू आईला केलेल्या कामांचं बिल देतो. आई ते चुकतं करते, आणि मग स्वतःचं बिल लिहून ठेवते. लहानपणी कपडे शिवले, आजारपणात जागले वगैरे, आणि पुढे रक्कम काहीच नाही.

मला हा धडा आवडतो तो आईसाठी नाही. शिक्षकी डाव म्हणून आवडतो. मुलाला निबंध लिहायला सांगितला तर ते 'आई ही देवाची मूर्ती' लिहिणार. बिल लिहायला सांगितलं की त्याला काम, वेळ आणि पैसा यांच्याकडे बघावंच लागतं. विशेषणाला जागाच उरत नाही. बिलात कोण लिहितो, 'अत्यंत प्रेमाने आणलेली कोथिंबीर'?

म्हणून गृहपाठ दिला: बिल लिहून आणा. कोणालाही, कशाचंही.

*

बिलं.

नर्सने रात्रपाळीच्या एका वॉर्डचं लिहिलं. कोणाला किती वाजता काय लागलं ते. उत्तम होतं, पण शेवटी 'माणुसकीची सेवा हेच खरे वेतन' लिहून मोकळी झाली. खोडायला लावलं. रागावली. मग स्वतःच म्हणाली, "आमच्या भिंतीवर लिहिलंय ना ते, तिथून आलं."

हवालदारांनी गणपती विसर्जनाच्या बंदोबस्ताचं लिहिलं. किती तास उभे, किती वडापाव, चपलेचा अंगठा कुठे तुटला. सगळ्यात जास्त हशा.

मसालेवाल्या ताईंचं बिल नुसतं मिरच्यांचं. बेडगी, संकेश्वरी, काश्मिरी, कुटणावळ, गॅलरीत वाळत घातल्यावर कबुतरांनी केलेलं नुकसान. वाचताना खोलीत दोघांना शिंका आल्या असं मी शपथेवर सांगेन.

तात्यांनी वही पुढे केली नाही. "पुढच्या टायमाक," म्हणाले.

*

पुढच्या टायमाक.

तात्यांचं बिल गिरणीला असेल असं मला वाटलं होतं. खरं तर ते बिल नव्हतंच, वाण्याची उधारी होती. १९८२च्या जानेवारीत संप लागला. १८ तारीख गिरणगावात वेगळी सांगावी लागत नाही. तिथून पुढे महिन्या-महिन्याला काय काय उधारीवर आणलं त्याची यादी. तांदूळ. तूरडाळ, मग तूरडाळ नाही, मसूर. गोडेतेल पाव किलो, मग नवटाक. चहापूड. घासलेट. साखर एका महिन्यात आहे आणि पुढच्या महिन्यापासून नाही, गूळ. बायकोचं माहेरचं काहीतरी, त्यापुढे फक्त 'मोडलं'. मुलाची शाळेची फी दोनदा 'राहिली'. आपण काय भोगलं, संपाचे पुढारी डॉक्टर सामंत काय म्हणाले, सरकारने काय केलं, मालकांनी काय केलं, एक शब्द नाही. अडीच लाख कामगार, साठेक गिरण्या, सगळं त्या तेलाच्या मापात उतरलेलं.

वाचताना त्यांचा आवाज चढा होता. तेही साचेवाले.

मी एकच दुरुस्ती सुचवली. शेवटी त्यांनी 'इत्यादी' लिहिलं होतं. माझ्या वर्गात हा शब्द चालत नाही. म्हटलं, "तात्या, इत्यादी म्हणजे काय काय ते लिहा ना."

त्यांनी वही मिटली. "तां मी लिवचंय नाय."

बंदी घातलेल्या शब्दांच्या यादीतून 'इत्यादी' काढून टाकला. सध्यापुरता.

*

यादी उरली ती अशी: सदर, दरम्यान, याप्रसंगी, उपस्थितांची मने जिंकली, एकच जल्लोष, शोककळा, व्यासपीठावर मान्यवर, काळाच्या पडद्याआड. यातले निम्मे मी स्वतः चाळीस वर्षं पेपरात सोडलेले आहेत. रात्री अकराला पान सोडायचं असतं तेव्हा 'एकच जल्लोष' फार उपयोगी पडतो. जागा भरतो आणि कोणी तक्रार करत नाही.

*

मराठी पत्रकारिता शाळेच्या फळ्याखालीच जन्माला आली. बाळशास्त्री जांभेकरांनी ६ जानेवारी १८३२ला 'दर्पण' काढलं, म्हणून ६ जानेवारी हा पत्रकार दिन. पण बाळशास्त्री होते एल्फिन्स्टनमधले अध्यापक. शिक्षक तयार करणारा वर्ग चालवायचे, क्रमिक पुस्तकं लिहायचे, आणि वयाच्या चौतिसाव्या वर्षी, १८४६ला गेले. देवगड तालुक्यातल्या पोंभुर्ल्याचे. आमच्या चाळीत अर्धी माणसं देवगड-मालवणची, बाळशास्त्री आपले गाववाले आहेत हे मी तिथे सांगितलं तेव्हा एका आजीने विचारलं, "खयच्या वाडीतले?" सांगता आलं नाही.

मग आगरकर. न्यू इंग्लिश स्कूलचे मास्तर, 'केसरी'चे पहिले संपादक. १८८८ साली 'सुधारक' काढलं, आणि त्याच साली त्यांचं 'वाक्यमीमांसा' आलं. म्हणजे एका हाताने समाजाची चिरफाड, दुसऱ्याने वाक्याची. कर्ता कुठे, कर्म कुठे, कोण कोणावर अवलंबून आहे. मला नेहमी वाटत आलंय की ही दोन कामं त्यांना वेगळी वाटत नसावीत. 'मारहाण करण्यात आली' या वाक्यात मारणारा कुठे गेला, असं विचारायला व्याकरण लागतं. डेस्कवर नवी पोरं यायची त्यांना मी हेच विचारायचो. त्यांना वाटायचं म्हातारा शाळामास्तर आहे.

साने गुरुजी तर अमळनेरच्या वसतिगृहात मुलांसाठी रोज हाताने लिहून 'छात्रालय' नावाचं दैनिक काढायचे. छपाई नाही, जाहिरात नाही, खप भिंतीपुरता. पुढे १५ ऑगस्ट १९४८ला 'साधना' काढलं, ते इथे मुंबईत. त्यांच्या 'श्यामची आई'वर सिनेमा केला तो अत्र्यांनी, १९५३ला. राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालेला पहिला सिनेमा. एका मास्तर-संपादकाचं पुस्तक, दुसऱ्या मास्तर-संपादकाचा सिनेमा. पेपरवाल्यांचा मेळ इतका चांगला बसल्याचं दुसरं उदाहरण मला तरी आठवत नाही.

*

माझा पहिला लेखनशिक्षक कंपोझिटर होता. नोकरीला लागलो तेव्हा आमच्याकडे अजून खिळे जुळवायचे. मथळ्याच्या मोठ्या टायपात एखादं जोडाक्षर दोनच नग असायचं. मी जोरात मथळा लिहून पाठवला की आतून निरोप यायचा, "साहेब, 'ष्ट्र' संपले. दुसरा शब्द द्या." दुसरा शब्द शोधायला लागलो की तो बहुतेक वेळा साधा निघायचा आणि पहिल्यापेक्षा बरा. पुढे कॉम्प्युटर आले. आता 'ष्ट्र' कधीच संपत नाहीत.

*

हेही लिहून ठेवलं पाहिजे.

१९८२, संप चालू. मी चोवीस वर्षांचा, शिकाऊ उपसंपादक. एका रात्री काही गिरण्यांत थोडे कामगार आत गेल्याची बातमी आली. मालकांच्या बाजूने आलेली. वरून सांगितलं, ठळक लाव. मी मथळा दिला की गिरण्या पुन्हा गजबजू लागल्या. 'गजबजू' या शब्दावर मी खूश होतो. डेस्कवर दोघांनी वाहवाही केली.

सकाळी घरी आलो तेव्हा गॅलरीत वडील अंक घेऊन बसले होते. संपात वेळच वेळ. चारजण ऐकायला. त्यांनी माझा मथळा वाचला. मोठ्याने, नेहमीसारखा. मग मान वळवून त्यांनी गिरणीच्या चिमणीकडे बघितलं. धूर नव्हता. भोंगा तर कित्येक महिने झाला नव्हता. पुढची बातमी त्यांनी वाचली नाही. अंकाची नीट घडी घातली आणि आईने तो दुपारी फळीवर अंथरला, त्यावर डबे ठेवले.

ते मला काही बोलले नाहीत. मी लिहिलंय हे त्यांना माहीत होतं की नाही, तेही मला कळलं नाही. तो संप अधिकृतपणे कधी मागे घेतलाच गेला नाही. फळीवरचा कागद आईने दिवाळीला बदलला.

*

अत्र्यांचं जे शिकू नये ते. वर्गात मुलीने हौसेने त्यांच्यासारखं लिहून आणलं तेव्हा सांगावं लागलं.

एक, अतिशयोक्ती. गेल्या दहा हजार वर्षांत असा माणूस झाला नाही, हे त्यांनी इतक्या जणांबद्दल म्हटलं की लोक त्याचे विनोद करायला लागले. त्यांना ते शोभलं, कारण पुढच्या वाक्यात ते स्वतःच हसत असायचे. आपल्याकडे पुढचं वाक्य नसतं.

दोन, शिव्या. विरोधकाला नावं ठेवण्यात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. कादंबरीकार फडक्यांशी भांडले, काँग्रेसवाल्यांशी भांडले, ठाकऱ्यांशी भांडले. (ठाकऱ्यांचं 'मार्मिक' १९६०ला निघालं ते नेमकं १३ ऑगस्टला, म्हणजे अत्र्यांच्या वाढदिवशी. योगायोग असणार, पण गिरणगावाला योगायोग आवडत नाहीत.) गॅलरीत त्या शिव्यांवर फार हशा व्हायचा. मीही हसायचो. आज तेच अंक बघितले तर काही ठिकाणी माणूस कुठेच दिसत नाही, नुसता दगड दिसतो. आणि ज्यांनी त्यांच्याकडून फक्त दगड उचलला त्यांची दुकानं पुढे जोरात चालली. मास्तरांनी धडा एक दिला, मुलांनी पाठ दुसराच केला. असं वर्गात होतं.

तीन नाही. तीनच मुद्दे काढायची सवयही सोडायला हवी.

*

जे शिकावं ते. १९५६. संयुक्त महाराष्ट्र मागणाऱ्यांवर नोव्हेंबर १९५५ला फ्लोरा फाउंटनवर गोळ्या चालल्या, जानेवारीत पुन्हा. मेलेल्यांत गिरणगावची पोरं होती. त्या रागातून १५ नोव्हेंबर १९५६ला 'मराठा' निघाला. अंक जेमतेम तीन आठवड्यांचा होता तेव्हा, ६ डिसेंबरला, बाबासाहेब गेले. दुसऱ्या दिवशी दादर चौपाटीवर लाखोंच्या समोर भाषण करायला उभे राहिले अत्रे. 'नवयुग'चा आंबेडकर विशेषांक त्यांनी १९४७च्या एप्रिलमध्येच काढलेला होता, म्हणजे माणूस जिवंत असताना. आमच्या धंद्यात विशेषांक साधारणपणे नंतर निघतात.

माझी आत्या त्या गर्दीत होती. सांगायची, माणसांच्या डोक्यांपलीकडे तिला काही दिसलं नाही. शब्द मात्र ऐकू आले, मागे उभ्या असलेल्यांनाही. ती निरक्षर होती. लाउडस्पीकर कसला होता कोणास ठाऊक. मला विचाराल तर अर्धं श्रेय पुण्याच्या त्या लष्करातल्या शाळेला, जिथे मागच्या बाकावरच्या मुलापर्यंत आवाज पोचवायची रोजची तालीम झाली.

*

मुलीने विचारलं, वर्ग रविवारीच का? रविवारी तर मॅच असतात.

रविवार हा एका संपादकाने मिळवून दिलेला आहे, असं सांगितलं. नारायण मेघाजी लोखंडे. मांडवीच्या गिरणीत स्टोअरकीपर होते. कृष्णराव भालेकरांनी पुण्यात काढलेलं 'दीनबंधु' त्यांनी १८८०मध्ये मुंबईला आणून चालवलं. सप्टेंबर १८८४ला इथे परळला, सुपारीबागेत, कामगारांची सभा घेतली. निवेदनावर साडेपाच हजार सह्या. मागणी रविवारच्या सुट्टीची, जेवणाला अर्ध्या तासाची, वेळेवर पगाराची. सुट्टी मिळाली १० जून १८९०ला. सहा वर्षं एकच बातमी लावून धरली. आज फॉलोअप म्हणतात त्याला. १८९७च्या प्लेगात गेले.

डिलिव्हरीवाला म्हणाला, "सर, मला रविवार नाय." त्याला सुट्टी नाहीच, तो दोन ऑर्डरींच्या मध्ये फोन बंद करून येतो. लोखंड्यांचं काम अपुरं राहिलंय, असं त्याने बातमीच्या सुरात सांगितलं. वाक्य आखूड, कर्ता जागेवर.

*

जयंत पवारांचं 'अधांतर' हे नाटक १९९७चं. ते स्वतः पत्रकार, नाट्यसमीक्षक, पुढे २०१२ला 'फिनिक्सच्या राखेतून उठला मोर'साठी साहित्य अकादमी. नाटकातल्या धुरींच्या खोलीत थोरला बाबा लेखक व्हायला निघालेला आहे. संपानंतरच्या त्या दहा बाय बाराच्या खोलीत, जिथे एक भाऊ टोळीत गेलाय आणि आई घर ओढतेय, तिथे हा लिहू बघतो. मी नाटक पहिल्यांदा बघितलं तेव्हा सगळे टोळीतल्या नरूसाठी हळहळत होते. मला बाबाचा राग आला आणि मग लाज वाटली. तो राग कशाचा होता ते ओळखायला घरी येऊन फळीकडे बघावं लागलं. फळीवर तेव्हा प्लॅस्टिक होतं.

नारायण सुर्वे महापालिकेच्या शाळेत आधी शिपाई, मग शिक्षक. ज्या शाळेची घंटा वाजवली तशाच शाळेत फळ्यापुढे उभे. १९६६ला 'माझे विद्यापीठ'. इथल्या माणसाने लिहायला लागण्याचे रस्ते असे आहेत. पत्रकारितेच्या पदविकेच्या माहितीपत्रकात ते येत नाहीत.

*

संध्याकाळी श्रावण यशवंते चौकातून चालत गेलो. इंडिया युनायटेड मिल दोन-तीन नंबरच्या जागेवर महापालिकेचं वस्त्रोद्योग संग्रहालय व्हायचंय. भिंतीपलीकडे तळं. तात्या बरोबर होते. म्हटलं, तात्या, तुमची वही तिथे काचेत ठेवतील. ते म्हणाले, "ठेवतीत. पण मोठ्यान वाचतलो कोण?"

हे मी त्यांना शिकवलेलं नाही.

*

आजचा वर्ग. भगतसिंग मैदानावर ढोलपथकाचा सराव सुरू झालाय, गणपती जवळ आले. डिलिव्हरीवाल्याने पहिल्यांदाच स्वतःहून वाचायला घेतलं. अर्धं पान. एका टॉवरच्या सर्व्हिस लिफ्टबद्दल: पाहुण्यांची लिफ्ट वेगळी, याची वेगळी, याच्या लिफ्टला आरसा नाही. चौतिसाव्या मजल्यावरून त्याला त्याची चाळ दिसते, म्हणजे चाळीची कौलं दिसतात, आणि त्यावर टाकलेला निळा प्लॅस्टिकचा कागद. तिथवर आला आणि ढोल सुरू झाले. तो थांबला. मी खूण केली, वाच. त्याने आवाज चढवला.

समोरच्या खिडकीत एक आजी भाजी निवडत होत्या. वर्गाशी त्यांचा काही संबंध नाही. त्यांनी तिथूनच ओरडून विचारलं, "काय म्हनलास रे बाबू? कसला कागद? परत वाच."

त्याने परत वाचलं, कौलांपासून.

*

पुढच्या रविवारी वर्ग नाही. खोलीत पुनर्विकासाची मीटिंग आहे. इतिवृत्त लिहायला मला बोलावलंय. 'सदर' हा शब्द किमान वीसदा येईल. ताशे कुठे हलवायचे ते मंडळाला विचारायचं आहे.